इंजिन-नियंत्रकाच्या कपलरमधील पिनांची योजना

मोटारगाडीच्या इंजिनावर अधिकार चालविणारा इलेक्ट्रॉनिक नियंत्रक ही एक बंद पेटी असते. बाह्य जगाशी तिचा संबंध येतो तो केवळ तिच्या कपलरमधील पिनांच्या द्वारे. इंजिनात हवा किती शिरली, पाणी किती तापले, क्रँकशाफ्ट कोणत्या कोनात आहे, हे सारे नियंत्रकाला या पिनांवरील विद्युत्‌दाबांवरूनच कळते. आणि इंधन कधी सोडावे, ठिणगी कधी पाडावी, हे त्याचे निर्णयही पिनांवाटेच बाहेर पडतात. कोणत्या क्रमांकाच्या पिनेचे कार्य कोणते, हे दर्शविणाऱ्या यादीस व्यवहारात पिनआउट म्हणतात. ही यादी म्हणजे क्रमांक आणि नावे यांचे एक कोष्टक, एवढीच तिच्याविषयी सर्वसाधारण समजूत असते. ही समजूत अपुरी आहे. प्रत्येक पिन हे एका पूर्ण परिपथाचे एक टोक असते. त्या परिपथाचा उगम कोठे, भार कोणता आणि परतीचा मार्ग कोणता, हे ध्यानात न घेता कोष्टक वाचले म्हणजे निर्दोष नियंत्रक निकामी ठरविला जातो, नवा विकत घेतला जातो, आणि मूळ दोष तारेतच राहिल्याने गाडी पूर्ववत् बंद पडते. क्वचित् नवा नियंत्रकही जळतो.

पिनांची संख्या कशी वाढत गेली, हे थोडक्यात पाहणे उपयुक्त होईल. १९६७ साली जर्मनीतील बॉश कंपनीची डी-जेट्रॉनिक ही इंधन-अंतःक्षेपणाची पद्धती फोक्सवॅगन १६०० या गाडीवर आली. तिच्या नियंत्रकास २५ पिनांचा कपलर होता. १९७९ साली बीएमडब्ल्यू ७३२ आय या गाडीवर आलेल्या मोट्रॉनिकने इंधन आणि इग्निशन ही दोन्ही कामे एकाच अंकीय नियंत्रकाकडे सोपविली. आरंभीच्या मोट्रॉनिकच्या पिना ३५, त्यानंतरच्या ५५, पुढे ८८, आणि विसाव्या शतकाच्या अखेरीस आलेल्या एमई-७ मालिकेच्या १२१, असा हा क्रम आहे. यांपैकी ५५ पिनांचा मोट्रॉनिक १.३ हा नियंत्रक अभ्यासाला विशेष सोयीचा आहे. बीएमडब्ल्यू ३२५ आय या गाडीच्या अडीच लिटर, सहा सिलिंडरांच्या इंजिनावर तो १९८० नंतरच्या दशकाच्या उत्तरार्धात बसविला जाई. त्याची सबंध योजना एका बैठकीत मनात धरता येते, आणि पुढील काळातील मोठ्या नियंत्रकांत आढळणारी बहुतेक तत्त्वे तीत मूळ रूपात दिसतात.

तत्पूर्वी क्रमांकांसंबंधी एक खुलासा अवश्य आहे. जर्मन गाड्यांच्या आराखड्यांत दोन निरनिराळ्या क्रमांक-पद्धती एकत्र नांदतात. डीआयएन ७२५५२ या मानकाने विद्युत्‌-जोडांना त्यांच्या कार्यानुसार क्रमांक दिले आहेत : ३० म्हणजे बॅटरीचे सदैव जिवंत असलेले धन टोक, १५ म्हणजे किल्ली फिरविल्यावर जिवंत होणारे टोक, ३१ म्हणजे अर्थिंग, ५० म्हणजे स्टार्टरला जाणारी आज्ञा, आणि १ म्हणजे इग्निशन कॉइलचे ऋण टोक. हे क्रमांक कार्याचे आहेत. कपलरवरील क्रमांक मात्र केवळ स्थानाचे असतात. मोट्रॉनिक १.३ मध्ये टोक ३० हे पिन १८ वर येते आणि टोक १५ हे पिन २७ वर. कॉइलचे टोक १ मात्र योगायोगाने पिन १ वरच येते, आणि नेमका हाच योगायोग नवशिक्याला चकवितो. दोन्ही पद्धती एकच आहेत अशी त्याची समजूत होऊन बसते. एमई-७ च्या १२१ पिनांच्या कपलरमध्ये पिन १ आणि पिन २ अर्थिंगच्या आहेत, किल्लीवरचा पुरवठा पिन ३ वर आणि बॅटरीचा थेट पुरवठा पिन ६२ वर. म्हणजे एकाच कंपनीच्या दोन नियंत्रकांत पिन १ चे कार्य एके ठिकाणी कॉइल चालविण्याचे, तर दुसरीकडे अर्थिंगचे. कॉइलचा प्रवाह तोडताच मोट्रॉनिकच्या पिन १ वर क्षणभर तीनशे ते चारशे व्होल्टांचा दाब उत्पन्न होतो. प्रयोगशाळेत या पिनेला ऑसिलोस्कोप लावावयाचा झाल्यास त्या दाबाला पेलेल असा प्रोब प्रथम निवडावा लागतो.

आता पुरवठ्याची व्यवस्था पाहू. मोट्रॉनिक १.३ ला पुरवठ्याच्या तीन स्वतंत्र तारा आहेत, आणि तिन्ही बॅटरीच्याच असल्या तरी त्या परस्परांची जागा घेऊ शकत नाहीत. पिन १८ सदैव जिवंत असते. नियंत्रकाच्या स्मृतीत साठविलेल्या दोषनोंदी तिच्यामुळे टिकतात. पिन २७ ही केवळ वार्ता आहे. किल्ली फिरली एवढेच ती सांगते. ही वार्ता मिळताच नियंत्रक पिन ३६ अर्थिंगला जोडतो, त्यामुळे मुख्य रिले ओढला जातो, आणि रिलेच्या ८७ क्रमांकाच्या टोकावरून पिन ३७ ला तसेच इंजेक्टरांना खरा, जाड पुरवठा मिळतो. नियंत्रक अशा रीतीने स्वतःचाच पुरवठा स्वतः चालू करतो. पेट्रोल पंपाच्या रिलेला आज्ञा जाते ती पिन ३ वरून. इंजिन बंद पडलेल्या गाडीत पिन ३७ मृत आढळली की रिले खराब असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो. परंतु २७ वर वार्ताच पोहोचली नसेल, किंवा ३६ ची तार तुटली असेल, तरीही परिणाम हाच दिसतो. तिन्ही पिना क्रमाने तपासल्यावरच दोषाचे स्थान कळते.

यानंतरचा विषय अर्थिंगचा. संपूर्ण योजनेतील सर्वांत महत्त्वाचा आणि सर्वांत दुर्लक्षित भाग हाच होय. मोट्रॉनिक १.३ मध्ये पिना २, १४, १९ आणि २४ या चारही अर्थिंगच्या आहेत, आणि पिन २६ ही सेन्सरांच्या परतीची स्वतंत्र पिन आहे. मल्टिमीटरने मोजले तर या पाचही पिना एकच वाटतात. यामुळे जुन्या गाडीचे वायरिंग नव्याने बांधताना चार तारांऐवजी एकच जाड तार पुरेशी होईल, आणि सेन्सरांची परतीची तारही तीतच मिळवावी, असे पुष्कळांना वाटते. ते का चालत नाही, हे गणिताने स्पष्ट होते.

या इंजिनाचे इंजेक्टर तीन-तीनांच्या दोन गटांत विभागलेले आहेत. एक गट पिन १६ वर, दुसरा १७ वर. प्रत्येक इंजेक्टरचा रोध सुमारे १६ ओहम. तीन समांतर जोडले की गटाचा रोध ५.३ ओहम होतो. साडेतेरा व्होल्टांवर एका गटातून सुमारे २.५ अँपिअर, आणि दोन्ही गट एकाच वेळी उघडले तर ५ अँपिअर प्रवाह अर्थिंगच्या तारेत जातो. कॉइलचा प्रवाह याहून वेगळा. एक चौरस मिलिमीटर छेदाच्या तांब्याच्या तारेचा रोध मीटरला १८ मिलिओहमांच्या आत असतो, तेव्हा तारेचे भय नाही. पण इंजिनावर बोल्टने आवळलेली अर्थिंगची कडी गंजली म्हणजे तेथेच ०.१ ओहम रोध सहज उत्पन्न होतो. ५ अँपिअरना ०.१ ओहमने गुणले असता अर्धा व्होल्ट येतो. बारा व्होल्टांच्या हिशेबात हा अर्धा व्होल्ट क्षुल्लक वाटेल. तापमानाच्या सेन्सरच्या हिशेबात तो क्षुल्लक नाही.

पाण्याच्या तापमानाचा सेन्सर पिन ४५ वर जोडलेला असतो. त्याचा रोध २० अंश सेल्सिअसला सुमारे २५०० ओहम, ६० अंशांना सुमारे ६०० आणि ८० अंशांना सुमारे ३२० ओहम असतो. नियंत्रक आतील ५ व्होल्टांच्या पुरवठ्यावरून एका ठराविक रोधातून त्याला प्रवाह देतो आणि सेन्सरवरील दाब मोजतो. तो ठराविक रोध गणिताच्या सोयीसाठी २२०० ओहम धरला, तर ८० अंशांना पिन ४५ वर ०.६४ व्होल्ट यावयास हवेत. आता सेन्सरची परतीची तार पिन २६ ला न जोडता इंजेक्टरांचा प्रवाह वाहून नेणाऱ्या तारेत मिळविली आहे, आणि त्या तारेचे टोक अर्ध्या व्होल्टाने उचलले गेले आहे, अशी कल्पना करावी. सेन्सरचा पाया अर्ध्या व्होल्टावर. उरलेल्या साडेचार व्होल्टांपैकी सेन्सरच्या वाट्याला ०.५७ व्होल्ट. बेरीज १.०७ व्होल्ट. नियंत्रक यावरून रोध काढतो तो ६०० ओहमांचा, म्हणजे तापमान ६० अंशांचे. ८० अंशांवर असलेले इंजिन त्याला ६० अंशांवर भासते, आणि तो जादा पेट्रोल सोडू लागतो. याउलट सेन्सरची तार थेट इंजिनाच्या धातूला जोडली आणि नियंत्रकाचेच अर्थिंग अर्ध्या व्होल्टाने उचलले गेले, तर पिन ४५ वर केवळ ०.२ व्होल्ट दिसतील आणि तेच इंजिन त्याला जवळजवळ १३० अंशांवर भासेल. दोष तोच, पण चूक विरुद्ध दिशेची. शिवाय हा दाब इंजेक्टर उघडे असतील तेवढाच काळ उत्पन्न होतो. इंजिन बंद करून मीटर लावला तर सर्व काही ठीकच आढळते. अशा गाडीत सेन्सर बदलून काही उपयोग होत नाही, आणि नियंत्रक बदलूनही होत नाही.

दोष शोधण्याची रीतही येथेच ध्यानात येते. साध्या मल्टिमीटरने ०.१ ओहम विश्वासाने मोजता येत नाही, कारण त्याच्या स्वतःच्या वायरींचाच रोध त्याहून अधिक असू शकतो. यास्तव रोध न मोजता दाब मोजावा : इंजिन चालू ठेवून बॅटरीचे ऋण टोक आणि अर्थिंगची पिन यांमधील फरक पाहावा. इंजेक्टरांचा दाब ठोक्यांनी येत असल्याने येथेही ऑसिलोस्कोप अधिक विश्वसनीय ठरतो. हा फरक ०.१ व्होल्टाच्या आत असावा.

बाह्य भार चालविण्याची या नियंत्रकाची पद्धतीही समजून घेतली पाहिजे. इंजेक्टरना तो धन पुरवठा देत नाही. पुरवठा रिलेवरून सदैव असतो, आणि नियंत्रक केवळ त्यांची परतीची बाजू अर्थिंगला जोडतो वा सोडतो. म्हणून किल्ली चालू असताना इंजेक्टरच्या दोन्ही टोकांवर बारा व्होल्ट दिसणे हेच निरोगी लक्षण होय. इंजेक्टरच्या पिनेला चुकून थेट बॅटरीचे धन टोक लावले तर इंजेक्टर उघडत नाही, पण पुढच्या आज्ञेला नियंत्रकातील ट्रान्झिस्टर बॅटरीचा सारा प्रवाह अर्थिंगला वाहून नेऊ पाहतो आणि जळतो. हवेच्या मापकाची व्यवस्था निराळी आहे. त्यास पिन १२ वरून ५ व्होल्टांचा संदर्भदाब मिळतो, आणि त्याचा काही अंश पिन ७ वर परत येतो. नियंत्रक या दोहोंचे गुणोत्तर पाहत असल्यामुळे संदर्भदाब थोडाफार हलला तरी मापन बिघडत नाही. मात्र पिन १२ वर बारा व्होल्ट जाणे म्हणजे नियंत्रकाच्या आतील संदर्भावरच आघात होय.

तारांचे रंग मार्गदर्शक मानावेत की नाही, या प्रश्नाचे उत्तर गाडीच्या परंपरेवर अवलंबून आहे. जर्मन गाड्यांत तपकिरी तार अर्थिंगची आणि लाल तार बॅटरीची, हे बरेच स्थिर आहे; पण फोक्सवॅगनच्या वायरिंगमध्ये काळी तार किल्लीवरच्या पुरवठ्याची असते, आणि जपानी परंपरेच्या अनेक गाड्यांत काळी तार अर्थिंगची असते. दोन्ही परंपरांच्या गाड्या भारतातील गॅरेजांत एकाच दिवशी येतात. तेव्हा रंगावरून अनुमान करावे, निर्णय करू नये.

पिनांचे क्रमांक कोणत्या बाजूने मोजावयाचे, यातून होणारा घोटाळा याहून अधिक नुकसान करतो. आराखड्यातील चित्र कपलरच्या तोंडाकडून काढलेले असते किंवा तारांच्या बाजूकडून; ही दोन चित्रे परस्परांची आरशातील प्रतिबिंबे होत. याचे सुबोध उदाहरण निदानासाठी असलेल्या १६ छिद्रांच्या सॉकेटचे आहे. अमेरिकेत १९९६ च्या मॉडेलवर्षापासून हे सॉकेट सक्तीचे झाले. त्यात ४ हे गाडीच्या सांगाड्याचे अर्थिंग, ५ हे संकेतांचे अर्थिंग, ६ व १४ या कॅन-वाहिनीच्या दोन तारा, ७ ही के-लाइन, आणि १६ हे बॅटरीचे धन टोक. वरच्या ओळीत १ ते ८, खालच्या ओळीत ९ ते १६. हे चित्र उलटे वाचले तर ४ च्या जागी ५ येतो आणि ५ च्या जागी ४. म्हणजे अर्थिंग तपासणाऱ्याला दोन्ही ठिकाणी अर्थिंगच मिळते आणि आपण बरोबर बाजूने मोजत आहोत अशी त्याची खात्री पटते. प्रत्यक्षात ६ म्हणून तो ३ ला, आणि १४ म्हणून ११ ला हात घालीत असतो. या सॉकेटची तपासणी म्हणूनच १६ पासून सुरू करावी. उलट्या वाचनात तेथे ९ येतो, आणि बॅटरी अपेक्षित जागी न मिळाल्याने चूक तत्काळ उघड होते. सममित स्थाने दिशा ठरविण्यास निरुपयोगी असतात, हे तत्त्व ५५ पिनांच्या कपलरलाही लागू आहे.

या सॉकेटची योजना सार्वजनिक आहे. नियंत्रकाच्या स्वतःच्या कपलरची योजना मात्र उत्पादकाच्या हाती राहते. येथे तांत्रिक प्रश्नाला दुसरी बाजू प्राप्त होते. सॉकेटमधून मिळणारी दोषनोंद परिपथाचे नाव सांगते, घटकाचे नव्हे. 'तापमान-सेन्सरचा परिपथ : दाब अधिक' या नोंदीचा अर्थ सेन्सर निकामी असा होत नाही, तुटलेली तार, सैल पिन, उचललेले अर्थिंग, यांपैकी काहीही त्यामागे असू शकते, आणि त्यांतून निवड करावयाची तर पिनांची योजना हाती असावी लागते. युरोपीय संघाच्या २००७ सालच्या ७१५ क्रमांकाच्या नियमात स्वतंत्र दुरुस्तीकारांना द्यावयाच्या माहितीत वायरिंगच्या आराखड्यांचा स्पष्ट उल्लेख होता. भारतात स्पर्धा आयोगाने २५ ऑगस्ट २०१४ च्या आदेशात १४ मोटार-उत्पादकांना सुटे भाग आणि निदानाची साधने स्वतंत्र गॅरेजांना खुलेपणाने उपलब्ध न केल्याबद्दल दोषी ठरविले व सुमारे २,५४४ कोटी रुपयांचा दंड केला. प्रकरण पुढे अपिलात गेले. १ एप्रिल २०२० पासून देशभर बीएस-६ मानके लागू झाल्यावर नियंत्रकाकडील काम वाढले आहे, त्यामुळे हा प्रश्न पूर्वीपेक्षा अधिक निकडीचा झाला आहे.

आराखडा मिळालाच नाही तर योजनेचा पुष्कळ भाग तर्काने पुन्हा मांडता येतो. नियंत्रक कपलरमधून काढून ठेवावा आणि केवळ तारांच्या बाजूने मापन करावे. नियंत्रकाच्या पिनांत ओहममीटर लावण्यात अर्थ नाही. कपलरच्या छिद्रात जाड प्रोब खुपसू नये. त्याने आतील पाते फाकते आणि जो दोष नव्हता तो उत्पन्न होतो. बॅटरी काढलेली असताना सांगाड्याशी शून्याजवळ रोध दाखविणाऱ्या पिना अर्थिंगच्या. बॅटरी लावल्यावर किल्लीविना जिवंत असलेली पिन बॅटरीच्या थेट पुरवठ्याची. किल्लीनंतर जिवंत होणारी पिन टोक १५ ची. मोट्रॉनिकमध्ये पिन ३७ आणि इंजेक्टर मात्र या वेळी मृतच राहतील, कारण रिले ओढणारा नियंत्रक जागेवर नाही. पिन ३६ ची तार फ्यूज असलेल्या तारेने अर्थिंगला जोडली की रिले ओढला जातो आणि ३७, १६ व १७ या तिन्हींवर बारा व्होल्ट येतात. या तिन्हींतील भेद दाबावरून कळत नाही. बॅटरी पुन्हा काढून ३७ आणि १६ यांमधील रोध मोजावा; तो सुमारे ५.३ ओहम आला म्हणजे मध्ये तीन इंजेक्टर आहेत हे सिद्ध होते.

क्रँकशाफ्टच्या सेन्सरपाशी मात्र ही पद्धती अडते. त्याच्या दोन तारा पिन ४७ व ४८ वर येतात, आणि त्यांमधील रोध साधारण पाचशे ते सहाशे ओहम असतो. तारांची अदलाबदल झाली तरी रोध तोच राहणार. मीटरला भेद कळणे शक्य नाही. नियंत्रकाला तो कळतो. चाकावर ६० दात्यांची विभागणी करून दोन दाते गाळलेले असतात, म्हणजे एका दात्याला ६ अंश. दात्याचा मध्य सेन्सरसमोर आला की संकेत शून्यातून जातो, आणि दोन दात्यांमधील खाचेच्या मध्यावरही विरुद्ध दिशेने शून्यातून जातो. नियंत्रक यांपैकी दात्याच्या मध्यावरील संक्रमणे मोजतो. गाळलेल्या दात्यांपाशी दोन संक्रमणांतील अंतर ६ अंशांऐवजी १८ अंश होते, आणि त्यावरून तो क्रँकशाफ्टचे स्थान ओळखतो. तारा उलट्या जोडल्या तर तो खाचांची संक्रमणे मोजू लागतो. त्यांपैकी एक संक्रमण नेमके गाळलेल्या जागेच्या मध्यावर येते, आणि १८ अंशांच्या एका अंतराऐवजी १२ अंशांची दोन अंतरे त्याला दिसतात. खूण हरवते. इंजिन एकतर सुरू होत नाही, किंवा सुरू झाले तरी ठिणगी अर्ध्या दात्याच्या फरकाने पडते. या दोन तारांचा क्रम ठरवावयाचा तर स्टार्टर फिरवून ऑसिलोस्कोपवर गाळलेल्या जागेजवळचा आलेख पाहणे, हाच मार्ग उरतो.